खेळाचे स्थलांतर : एका पडद्यावरून दुसऱ्या पडद्यावर

रायपूर शहराच्या उत्तरेस, बिलासपूरकडे जाणाऱ्या महामार्गालगत सिलतरा ही औद्योगिक वसाहत पसरलेली आहे. स्पंज आयर्न आणि पोलाद तयार करणारे कारखाने येथे मोठ्या संख्येने आहेत. स्पंज आयर्न तयार करावयाचे म्हणजे लोहखनिज आणि दगडी कोळसा एका लांबलचक, मंदगतीने फिरणाऱ्या, किंचित उतरत्या भट्टीतून पुढे सरकवीत न्यावयाचे, आणि खनिज वितळू न देता सुमारे १००० अंश सेल्सिअस तपमानात त्यातील प्राणवायू काढून घ्यावयाचा. भट्टीच्या लांबीवर ठिकठिकाणी तपमापके बसविलेली असतात. एखाद्या ठिकाणी उष्णता प्रमाणाबाहेर गेली की आतला माल भिंतीला चिकटू लागतो, त्याची कडी तयार होते, आणि ती फार वाढली तर भट्टी थंड करून ती फोडून काढण्यावाचून गत्यंतर नसते. म्हणून नियंत्रण कक्षात, ज्याला कामगार कंट्रोल रूम असेच म्हणतात, एका टेबलावर ओळीने पडदे मांडलेले असतात आणि पाळीवरचा माणूस आठ तास त्यांच्याकडे पाहत बसतो. भट्टीची तपमाने कोणत्या पडद्यावर, पंखे आणि हवेचा दाब कोणत्या पडद्यावर, इशारे कोणत्या पडद्यावर, हे त्याला आठवावे लागत नाही. त्याची मान आपोआप तिकडे वळते. चित्राचे स्थान हा तेथे चित्राच्या अर्थाचाच एक भाग असतो.

एकापेक्षा अधिक पडद्यांची ही व्यवस्था आता कारखान्यापुरती राहिलेली नाही. संगणकाचा एक मॉनिटर आणि त्याच्या शेजारी दुसरा, अथवा मॉनिटर आणि दूरचित्रवाणीचा संच, अशी जोडणी सामान्य घरांतही दिसू लागली आहे. एका पडद्यावर मुलीचा शिकवणीचा वर्ग चालू असतो, दुसऱ्यावर धाकट्या भावाला खेळ खेळावयाचा असतो. किंवा आजोबांना दृष्टी मंद झाल्यामुळे पत्त्यांचा खेळ मोठ्या पडद्यावरच दिसतो. अशा वेळी खेळ अमुक पडद्यावरून तमुक पडद्यावर न्यावयाचा, एवढीच मागणी असते. ती अगदी साधी वाटते. पत्र लिहिण्याची आज्ञावली, छायाचित्र, हिशेबाचा तक्ता यांची खिडकी माऊसने धरून शेजारच्या पडद्यावर ओढता येते. मग खेळ का ओढता येऊ नये? तरीही खेळ बहुधा जागचा हलत नाही. कधी तो पडदा काळा करून टाकतो, कधी हलल्यासारखा करून पुन्हा मूळ जागी येऊन बसतो, तर कधी अजिबात दिसेनासा होतो. याला खेळाचा हट्टीपणा म्हणून सोडून देणे सोपे आहे. परंतु त्यामागे निश्चित कारण आहे आणि ते समजले की उपायही आपोआप सुचतात.

अनेक पडदे, एकच पट

प्रथम हे पाहिले पाहिजे की संगणकाच्या दृष्टीने दोन पडदे म्हणजे काय. आपल्याला टेबलावर दोन वस्तू दिसतात. संगणकाची कार्यप्रणाली मात्र त्यांना एकाच मोठ्या पटाचे दोन भाग मानते. हा पट चित्रबिंदूंनी मोजलेला असतो. विंडोज या प्रचलित कार्यप्रणालीत ज्या पडद्याला ‘मुख्य’ ठरविलेले असते त्याचा वरचा डावा कोपरा हा शून्यबिंदू होय. मुख्य पडदा १९२० चित्रबिंदू रुंद असेल आणि दुसरा त्याच्या उजवीकडे मांडला असेल, तर दुसऱ्याची सुरुवात १९२० या अंकापासून होते. तोच दुसरा पडदा, समजा १३६६ चित्रबिंदू रुंदीचा, डावीकडे मांडला तर त्याचे अंक उणे होतात : उणे १३६६ पासून उणे एकपर्यंत. शाळेत आलेखाच्या कागदावर आपण जे काढीत होतो तेच हे.

ही मांडणी संगणकाला आपोआप कळत नाही. टेबलावर कोणता पडदा कोठे ठेवला आहे हे पाहण्यास त्याला डोळे नसतात. म्हणून सेटिंगमध्ये पडद्यांच्या दोन चौकोनी आकृत्या दाखविलेल्या असतात आणि त्या आपण प्रत्यक्ष मांडणीप्रमाणे सरकवून ठेवावयाच्या असतात. कोणती आकृती कोणत्या पडद्याची, हे समजावे म्हणून प्रत्येक पडद्यावर मोठा क्रमांक उमटविण्याची सोयही तेथेच असते. पुष्कळ लोक ही पायरी गाळतात, आणि मग माऊसचा बाण उजवीकडे नेला असता तो डाव्या पडद्यावरून बाहेर पडतो, किंवा दोन पडद्यांच्या सीमेवर एखाद्या अदृश्य पायरीला अडावा तसा अडतो. ही पायरी खरोखरच तेथे असते : एक पडदा १०८० चित्रबिंदू उंच, दुसरा ७६८, दोहोंच्या वरच्या कडा जुळविल्या असतील तर खालच्या ३१२ बिंदूंच्या पट्ट्यात पलीकडे पटच नाही, मग बाण जाणार कोठे? खेळ हलविण्याच्या खटपटीला लागण्यापूर्वी ही मांडणी तपासून घेणे हे अर्धे काम झाल्यासारखे आहे.

सर्वसाधारण आज्ञावली या पटावर आपली खिडकी मांडते. ती खिडकी म्हणजे पटावर ठेवलेला कागद. कागद सरकविला, त्याचे अंक बदलले, काम झाले. अर्धा कागद एका पडद्यावर आणि अर्धा दुसऱ्यावर राहिला तरी त्या आज्ञावलीची काही तक्रार नसते.

खेळाला पडदाच हवा असतो

खेळाचे नाते खिडकीशी नसून पडद्याशी असते, आणि या भेदाला इतिहास आहे. खेळघरांतील नाणे टाकून चालणाऱ्या जुन्या यंत्रांत एक यंत्र म्हणजे एक खेळ असे. तेथे पडद्याची मालकी कोणाची हा प्रश्नच उद्‌भवत नसे. निन्टेंडो या जपानी कंपनीने १९८४ मध्ये ‘पंच-आउट’ हा मुष्टियुद्धाचा खेळ एकावर एक रचलेल्या दोन पडद्यांवर आणला. त्याच दशकात टायटो कंपनीने ‘डेरियस’ या खेळासाठी तीन पडदे आडवे मांडले आणि आरशाच्या युक्तीने त्यांमधील जोड दिसेनासे केले. परंतु तेथेही कोणते चित्र कोठे उमटणार हे यंत्र घडवितानाच कायमचे ठरलेले असे. घरगुती संगणकांवरील आरंभीच्या खेळांनी हीच वृत्ती उचलली. खेळ सुरू झाला की सारा संगणक त्याचा. १९९३ च्या डिसेंबरात आलेल्या ‘डूम’ या गाजलेल्या खेळाच्या पहिल्या आवृत्त्यांत तीन पडद्यांवर विस्तृत दृश्य पाहण्याची एक सोय होती. परंतु त्यासाठी तीन संगणक जाळ्याने जोडावे लागत, एक समोरचे दृश्य दाखवी, एक डावीकडचे आणि एक उजवीकडचे. एका संगणकाने तीन पडदे सांभाळावेत ही कल्पनाही त्यात नव्हती. पुढच्या आवृत्तीत ती सोय काढून टाकण्यात आली.

दुसरीकडे, कामाच्या संगणकांवर अनेक पडद्यांचा पट हळूहळू रूढ होत होता. १९८७ साली आलेल्या मॅकिंटॉश टू या संगणकात एकाहून अधिक पडदे जोडून त्यांवर एकच सलग पट पसरता येत असे. विंडोजमध्ये ही सोय १९९८ च्या आवृत्तीत आली. म्हणजे ज्या सुमारास सामान्य माणसाच्या संगणकाला दुसरा पडदा जोडता येऊ लागला, त्या सुमारास खेळ लिहिणाऱ्यांच्या सवयी पक्क्या झालेल्या होत्या. १९९५ पासून विंडोजवरील खेळांसाठी मायक्रोसॉफ्टने डायरेक्ट-एक्स हा साधनांचा संच पुरविला होता. त्यात खेळाला एका पडद्यावर पूर्ण एकाधिकार घेण्याची मुभा होती. एकाधिकार घेतला म्हणजे कार्यप्रणालीने त्या पडद्यावर रेखाटणे थांबवावयाचे, खेळाने आपल्याला हवे तेवढे चित्रबिंदू आणि हवा तो वेग निवडावयाचा आणि ग्राफिक्स कार्डातून थेट पडद्याशी बोलावयाचे. तो काळ मंद यंत्रांचा होता. मधला दलाल दूर केल्याने जो वेग वाचत असे त्यावर खेळ खेळण्याजोगा आहे की नाही हे ठरत असे. म्हणून या व्यवस्थेला दोष देणे न्याय्य होणार नाही.

परंतु तिचा परिणाम लक्षात घ्या. एकाधिकाराच्या अवस्थेत खेळाची खिडकी अशी काही उरतच नाही. पटावरचा कागद असतो तो सरकविता येतो. येथे पटाचा तो भागच खेळाच्या नावे झालेला असतो. ओढावयाचे काय? तसेच, अशा खेळातून ऑल्ट आणि टॅब या कळा दाबून बाहेर आले असता पडदा क्षणभर काळा होतो, तो का, हेही यावरून समजते. खेळाने पडद्याची जी अवस्था बदलून घेतली होती ती परत करावी लागते, आणि मॉनिटरला नव्या अवस्थेशी जुळवून घेण्यास एक-दोन सेकंद लागतात. हा काळोख म्हणजे बिघाड नव्हे. तो मालकीच्या हस्तांतराचा काळ होय.

अनेक पडद्यांचा नीट विचार न झाल्याने केवळ खेळच अडले असे नाही. ॲपल कंपनीने २०११ साली आपल्या कार्यप्रणालीत कोणतीही आज्ञावली पूर्ण पडद्यावर नेण्याची सोय मोठ्या कौतुकाने आणली, तेव्हा एका पडद्यावर आज्ञावली पसरली की शेजारचा पडदा राखाडी, कापडासारख्या विणीच्या रिकाम्या चित्राने झाकला जाई. ज्यांनी पदरचे पैसे घालून दुसरा पडदा घेतला होता त्यांना या कापडाकडे पाहत बसावे लागले. २०१३ च्या आवृत्तीत प्रत्येक पडद्याला स्वतंत्र दालन देऊन हा दोष दूर करण्यात आला.

सोडणे, सरकविणे, पुन्हा घेणे

आता उपायाकडे वळू. खेळ एका पडद्यावरून दुसऱ्यावर न्यावयाचा तर तीन गोष्टी या क्रमाने घडल्या पाहिजेत : खेळाने पहिला पडदा सोडला पाहिजे, त्याची खिडकी दुसऱ्या पडद्यावर सरकली पाहिजे, आणि तेथे त्याने नव्या पडद्याचा ताबा घेतला पाहिजे. जे जे उपाय प्रचारात आहेत ते सर्व या तीन पायऱ्यांचेच निरनिराळे अवतार आहेत.

पहिली पायरी बहुधा ऑल्ट आणि एन्टर या दोन कळांनी साधते. विंडोजवरील पुष्कळ खेळांत या कळा दाबल्या की पूर्ण पडद्यावरचा खेळ आक्रसून चौकटीच्या खिडकीत येतो. न आल्यास खेळाच्या स्वतःच्या सेटिंगमध्ये दृश्याच्या विभागात जाऊन ‘विंडो’ हा पर्याय निवडावा. दुसऱ्या पायरीसाठी खिडकी माऊसने धरून ओढता येते; परंतु त्याहून सुटसुटीत मार्ग असा की विंडोज कळ आणि शिफ्ट धरून डावा किंवा उजवा बाण दाबावा. २००९ साली आलेल्या विंडोज ७ पासून ही सोय आहे. खिडकी उचलून शेजारच्या पडद्यावर ठेवली जाते. तिसरी पायरी म्हणजे पुन्हा ऑल्ट आणि एन्टर. ज्या पडद्यावर खिडकीचा बहुतांश भाग असेल तोच पडदा बव्हंशी खेळ घेतो, म्हणून खिडकी सीमेवर अर्धवट ठेवून हा प्रयोग करू नये.

काही खेळांत यापेक्षाही सरळ मार्ग असतो. त्यांच्या सेटिंगमध्ये पडद्याचा क्रमांक निवडण्याची सोय असते. क्रमांक बदलावा, मान्य करावे, झाले. अशी सोय देणे ही खेळकर्त्याची सभ्यता आहे असे प्रस्तुत लेखकाचे मत आहे, आणि आजही सर्व खेळ ती पाळत नाहीत ही खेदाची बाब आहे. काही खेळ हा क्रमांक एका साध्या मजकुराच्या नोंदीत साठवून ठेवतात आणि ती नोंद हाताने बदलता येते. तेथे एक खाचखळगा असा की संगणकाची मोजणी पुष्कळदा शून्यापासून सुरू होते. पहिल्या पडद्याचा क्रमांक शून्य आणि दुसऱ्याचा एक. ‘दुसरा’ हवा म्हणून तेथे दोन लिहिले तर खेळ अस्तित्वात नसलेला तिसरा पडदा शोधू लागतो आणि न सापडल्याने मुकाट्याने पहिल्यावरच परत येतो. खेळणारा मात्र आपण केलेला बदल संगणकाने ऐकलाच नाही अशा समजुतीत राहतो.

खेळ यांपैकी कशासही दाद देत नसेल तर खेळाऐवजी पटच हलवावा. जवळजवळ सर्व खेळ सुरू होताना मुख्य पडदा शोधतात. म्हणून खेळ सुरू करण्यापूर्वी सेटिंगमध्ये दुसऱ्या पडद्याला मुख्य ठरवावे. हा उपाय हुकमी असला तरी थोडा दांडगाईचा आहे, कारण मुख्य पडद्याबरोबर शून्यबिंदूही हलतो आणि इतर आज्ञावलींच्या खिडक्यांची घडीही काही वेळा विस्कटते. जेथे शेजारी कोणाचे काम चालू आहे तेथे त्याला सांगूनच हे करावे. विंडोज कळ आणि पी दाबून केवळ दुसराच पडदा चालू ठेवण्याचाही एक मार्ग आहे. परंतु त्यात पहिला पडदा निकामी होतो, आणि मग दोन पडद्यांचा हेतूच राहत नाही.

हल्ली बहुतेक खेळांत तिसरी एक अवस्था दिलेली असते : बिनचौकटीची खिडकी. खेळ पूर्ण पडदाभर दिसतो, परंतु वस्तुतः ती कडा नसलेली, पडद्याएवढ्याच मापाची खिडकी असते. पडद्याचा एकाधिकार ती मागत नाही. विंडोजच्या २००७ साली आलेल्या व्हिस्टा आवृत्तीपासून सर्व खिडक्यांची चित्रे एकत्र जुळवून मगच पडद्यावर धाडण्याची पद्धत रूढ झाली. प्रथम प्रथम या जुळवणीत खेळाचा थोडा वेग जाई. विंडोज १० मध्ये पडदाभर पसरलेल्या खिडकीचे चित्र वेगळी जुळवणी न करता सरळ पडद्याकडे जाऊ देण्याची तरतूद झाली, आणि एकाधिकाराचे जुने समर्थन बरेचसे निकालात निघाले. ज्याला वारंवार पडदा बदलावयाचा आहे त्याने ही बिनचौकटीची अवस्थाच स्वीकारावी. मात्र एक व्यावहारिक अडचण राहते. एकाधिकार नसला तर काही खेळांत माऊसचा बाणही मोकळा राहतो. ऐन लढाईत तो शेजारच्या पडद्यावर निसटतो आणि तेथे कळ दाबली गेली की खेळाचे लक्ष सुटते. खेळाच्या सेटिंगमध्ये बाण पडद्यात कोंडून ठेवण्याचा पर्याय असल्यास तो निवडावा.

लिनक्स वापरणाऱ्यांसाठी दोन शब्द. तेथे एक्स-इलेव्हन ही जुनी चित्रव्यवस्था खेळाला आपली जागा स्वतः ठरवू देते, तर तिची जागा घेत असलेली वेलँड ही नवी व्यवस्था ते स्वातंत्र्य देत नाही. पटावर आपण कोठे आहोत हे वेलँडमध्ये खेळाला कळतही नाही; अमुक पडदा पूर्ण व्यापण्याची विनंती तेवढी तो करू शकतो. म्हणून तेथे खेळाच्या मनधरणीला न लागता खिडक्या सांभाळणाऱ्या व्यवस्थेलाच, तिच्या कळांनी किंवा नियमांनी, आज्ञा करावी. तत्त्वतः हीच रीत अधिक शहाणपणाची वाटते.

पडदा बदलला की काय काय बदलते

खेळ दुसऱ्या पडद्यावर आला, परंतु आता तो अडखळत चालतो, अशी तक्रार पुष्कळदा ऐकू येते. दोन पडदे सारखे नसतात, हे त्याचे कारण. १९२० गुणिले १०८० या मापाच्या मॉनिटरवर एका चित्रात २०,७३,६०० बिंदू असतात. दूरचित्रवाणीचा मोठा संच ३८४० गुणिले २१६० मापाचा असेल तर ८२,९४,४००, म्हणजे नेमके चौपट. खेळ नव्या पडद्याचे पूर्ण माप घेऊ लागला की ग्राफिक्स कार्डावर चौपट बिंदू रंगविण्याचे ओझे पडते. अशा वेळी खेळाच्या सेटिंगमध्ये माप मुद्दाम कमी ठेवावे; संच ते चित्र ताणून मोठे करतो आणि दुरून पाहणाऱ्याला फरक क्वचितच जाणवतो.

दुसरी गोष्ट वेगाची. पडदा दर सेकंदाला ठराविक वेळा नवे चित्र दाखवितो. साधा पडदा ६० वेळा, म्हणजे प्रत्येक चित्राला सुमारे १६.७ सहस्रांश सेकंद. खेळासाठी घेतलेला पडदा १४४ वेळा, म्हणजे सुमारे ७ सहस्रांश सेकंद. वेगवान पडद्यावरून संथ पडद्यावर आलेला खेळ जड वाटतो, तो यामुळे. केबलचाही येथे संबंध येतो. एचडीएमआयच्या १.४ या जुन्या प्रकारच्या जोडणीतून ३८४० गुणिले २१६० मापाचे चित्र सेकंदाला ३० वेळाच जाऊ शकते. २०१३ साली ठरलेल्या २.० या प्रकारातून ६० वेळा. संच उत्तम, संगणक उत्तम, आणि जोडणी जुनी, असा प्रकार असल्यास पैसा खर्चून घेतलेल्या गोष्टी उगाच बदनाम होतात. शिवाय दूरचित्रवाणीचा संच आलेल्या चित्रावर स्वतःचे संस्कार करतो, रंग उजळतो, हालचाल गुळगुळीत करतो, आणि त्यात जो वेळ जातो तो कळ दाबणे आणि पडद्यावर उडी दिसणे यांमधील अंतरात भर घालतो. चित्रपट पाहताना हे कळत नाही, खेळताना मात्र लगेच कळते. संचावर ‘गेम’ नावाची अवस्था असते ती हे संस्कार बंद करण्यासाठीच.

तिसरी गोष्ट फारशी कोणी तपासत नाही. मेजावरच्या संगणकाच्या पाठीमागे चित्राच्या केबलसाठी दोन ठिकाणी खाचा असू शकतात, एक मूळ पाटीवर आणि दुसरी ग्राफिक्स कार्डावर. पहिला पडदा कार्डाला आणि दुसरा मूळ पाटीला जोडला असेल, तर खेळाची चित्रे कार्डात तयार होऊन दुसऱ्या वाटेने त्या पडद्याकडे न्यावी लागतात आणि या नेआणीत वेग जातो. दोन्ही केबली कार्डालाच लावाव्यात. दुकानदार जोडणी करताना जी खाच हाताशी येईल ती वापरतो असा अनुभव आहे.

अक्षरे मोठी दिसावीत म्हणून एका पडद्यावर १५० टक्के आणि दुसऱ्यावर १०० टक्के असे मोजमाप ठेवलेले असते, त्याचाही जुन्या खेळांवर परिणाम होतो. त्यांना हे मोजमाप उमगत नाही. चित्र धूसर होते, खिडकीचा काही भाग पडद्याबाहेर जातो, किंवा बाण दिसतो एके ठिकाणी आणि कळ लागते भलत्याच ठिकाणी. दोन्ही पडद्यांवर मोजमाप सारखे करणे हा त्यावरचा ओबडधोबड पण खात्रीचा उपाय होय.

जेथे खेळ नेऊच नये

वर नियंत्रण कक्षाचा उल्लेख आला आहे. रात्रपाळी लांब असते, भट्टी शांतपणे चाललेली असते, आणि समोर चार पडदे. त्यांतील एकावर थोडा वेळ पत्ते खेळले तर काय बिघडले, असा विचार मनात येणे मनुष्यस्वभावाला धरून आहे. त्याला मनाई असते ती केवळ शिस्तीची बाब समजली जाते. परंतु आतापर्यंत जे पाहिले त्यावरून तिचे तांत्रिक कारणही स्पष्ट व्हावे. पूर्ण पडदा घेणारा खेळ दुसऱ्या आज्ञावलींची परवानगी मागत नाही. तो सुरू होताना मुख्य पडदा शोधतो, आणि नियंत्रण कक्षातही महत्त्वाचे पान बहुधा मुख्य पडद्यावरच असते. पडद्याची अवस्था बदलताना तो एक-दोन सेकंद काळा होतो. माप बदलल्याने शेजारची पाने जागा सोडू शकतात. आणि इशाऱ्याची खिडकी खेळाच्या मागे उमटली तर ती उमटली हे कोणालाच दिसत नाही. तपमान वाढत राहते. ज्या माणसाची मान सवयीने इशाऱ्याच्या पडद्याकडे वळते, त्याला तेथे इस्पिकची राणी दिसते. चित्राचे स्थान एकदा ढळले की अनेक वर्षांच्या सरावाने आलेले कसब त्या घटकेपुरते निरुपयोगी होते. यासाठीच नियंत्रण कक्षाच्या संगणकांत पानांच्या जागा पक्क्या करून ठेवतात आणि परकी आज्ञावली बसविण्याचा मार्ग बंद करतात. घरातील टेबलावर चित्र हलविता येणे ही सोय होय. तेथे चित्र न हलणे ही सोय होय.

हरवलेली खिडकी

आता एकच प्रकार राहिला, आणि घरी सर्वाधिक घबराट त्यानेच होते. विजेचा दाब क्षणभर खाली जातो. एक पडदा बंद पडून पुन्हा लागतो, संगणक मात्र बॅटरीच्या आधारावर चालूच असतो. पडदा बंद झाला म्हणजे तो काढून नेला असे पुष्कळदा संगणक समजतो. पटाचा तेवढा भाग नाहीसा होतो आणि त्यावरील सर्व खिडक्या उरलेल्या पडद्यावर येऊन कोंबल्या जातात. विंडोज ११ मध्ये पडदा परत जोडला गेल्यावर खिडक्या आपापल्या जागी नेण्याची सोय आहे, ती सेटिंगमध्ये चालू आहे की नाही हे पाहून घ्यावे. खेळाचे मात्र तसे नसते. काही खेळ बंद होताना आपली जागा अंकांत नोंदवून ठेवतात. डावीकडचा पडदा काढून टाकल्यावर तो खेळ पुन्हा सुरू केला की उणे अंकांच्या त्या नाहीशा झालेल्या प्रदेशात तो आपली खिडकी उघडतो. आवाज ऐकू येतो, खालच्या पट्टीवर त्याचे चिन्ह दिसते, परंतु खेळ कोठेच नाही.

अशा वेळी खेळ काढून पुन्हा बसविण्याची घाई करू नये, कारण त्यात कित्येकदा जिंकलेले डाव आणि साठविलेल्या नोंदी जातात. विंडोज कळ, शिफ्ट आणि बाण यांनी खिडकी बहुधा परत येते. न आल्यास खालच्या पट्टीवरील चिन्हावर टिचकी मारून खेळाकडे लक्ष द्यावे, ऑल्ट आणि स्पेस दाबावी, मग एम हे अक्षर, मग कोणताही एक बाण एकदाच. आता खिडकी माऊसला चिकटलेली असते. माऊस हलविला की ती कडेवरून आत येऊ लागते. पुरती आत आली की डावी कळ दाबून सोडून द्यावी. त्यानेही काम झाले नाही तर खेळ बंद करून त्याच्या नोंदीतील जागेचे दोन अंक पुसून तेथे शून्य आणि शून्य लिहावे. पुढच्या वेळी खेळ मुख्य पडद्याच्या वरच्या डाव्या कोपऱ्यात उघडेल, आणि तेथून तो हव्या त्या पडद्यावर नेता येईल.